खेळण्याआधीच हरू नका!

बालमित्रांनो, कबड्डी, खो-खो आपल्याला ठाऊक आहे. रग्बी हा परदेशी खेळ. दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा गडी. चेंडू अंड्यासारखा लांबट. तो हाताने पुढे फेकायचा नाही, पण घेऊन पळायचे मात्र पुढेच!

मोठा सामना आला की लोक आधीच निकाल सांगून मोकळे होतात. २०१५ साली विश्वचषकात इंग्लंडमधील ब्रायटन येथे दक्षिण आफ्रिका आणि जपान यांचा सामना होता. आफ्रिका दोन वेळा जगज्जेती. जपानने तोवर विश्वचषकात एकच सामना जिंकलेला, तोही १९९१ साली. मग जपानचं काय खरं नव्हतं.

पण झाले काय? अगदी शेवटी आफ्रिका ३२, जपान २९. जपानला पेनल्टी मिळाली. चेंडू लाथेने खांबांमधून मारला असता तर तीन गुण, म्हणजे बरोबरी. पण कप्तान मायकेल लीच याने बरोबरी नाकारली. जपानने झुंज देऊन चेंडू रेषेपलीकडे टेकवला. पाच गुण! जपान ३४, आफ्रिका ३२.

आता दुसरी बाजूही सांगतो. २०१९ साली टोकियोत हेच संघ पुन्हा भिडले. तेव्हा आफ्रिकेने जपानला २६-३ असे हरवले. लहान संघ दर वेळी जिंकत नाही.

तरी मला वाटते, भाकीत करणाऱ्यांनी खुशाल करावे. खेळणाऱ्याने ते मनावर घेऊ नये. पालकांनाही विनंती, सामन्याआधी मुलांना "तुमचं काय जमायचं नाही" असं म्हणू नका. निकाल शेवटच्या शिट्टीला लागतो, आदल्या दिवशी नाही.