रेडिओ चालू, दुकानाचे दार बंद

संकेतस्थळावर रेडिओ ऐकविणारी काही लहान केंद्रे अजून जुन्या प्लगइनवरच विसंबून आहेत. प्रसारण चालू असते, पण श्रोत्याला रिकामा चौकोन दिसतो. गिऱ्हाईक तक्रार करीत बसत नाही; ते पुढच्या दुकानी जाते.

१९९५ साली रिअलऑडिओ आला, तेव्हा ब्राउझरला स्वतः प्रसारण वाजविता येत नव्हते. प्लगइनची गरज होती. पुढे आयफोनने फ्लॅश कधी स्वीकारलाच नाही. क्रोमने २०१५ मध्ये जुन्या पद्धतीची प्लगइन बंद केली. अडोबीने २०१७ मध्ये आगाऊ सूचना देऊन ३१ डिसेंबर २०२० रोजी फ्लॅशचा आधार काढला आणि १२ जानेवारी २०२१ पासून तो चालणेच थांबविले. मुदत भरपूर मिळाली होती.

आता श्रोत्याला जुना ब्राउझर बसवायला सांगणे म्हणजे त्याच्या घराचे कुलूप काढायला सांगणे होय. एचटीएमएल५ चा ऑडिओ टॅग आणि एमपी३ किंवा एएसी प्रवाह एवढ्यावर काम भागते. पान एचटीटीपीएस असेल तर प्रवाहही तसाच ठेवावा. नाहीतर ब्राउझर तो अडवू शकतो. हा खर्च लहान आहे. गेलेला श्रोता परत आणणे मात्र महाग पडते.