घरकर्ज: एका रुपयाचे दोन रुपये आठ पैसे

रमजान हा इबादतीचा महिना आहे, तसाच हिशेबाचाही. रोजे, तरावीह आणि इफ्तारच्या धावपळीत घरोघरी एक कागद काढला जातो. वर्षभर किती सोने, किती रोकड, किती माल शिल्लक राहिला आणि त्यावर अडीच टक्क्यांनी किती जकात निघते, हे त्यावर मांडले जाते. दर्यापूर-बनोसा भागातल्या नोकरदार आणि व्यापारी घरांत या कागदावर आता आणखी एक ओळ असते, गृहकर्जाची. शिक्षक, दवाखान्यातला कर्मचारी, कापडाचा दुकानदार, कुणालाही विचारा. महिन्याचा हप्ता किती, हे तो झोपेतही सांगेल. घर शेवटी केवढ्याला पडणार, हे मात्र फार थोड्यांना सांगता येते.

म्हणून आधी साधा हिशेब पाहू. समजा, एका शिक्षकाने २० लाख रुपयांचे कर्ज ८.५ टक्के व्याजाने २० वर्षांसाठी घेतले. महिन्याचा हप्ता सुमारे १७ हजार ३५६ रुपये बसतो. असे २४० हप्ते भरले की एकूण रक्कम होते ४१ लाख ६५ हजार. म्हणजे मुद्दल २० लाख आणि व्याज साडेएकवीस लाखांहून अधिक. उसन्या घेतलेल्या प्रत्येक रुपयाचे दोन रुपये आठ पैसे परत जातात.

यात लबाडी कुणाची नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला जवळपास सगळेच मुद्दल शिल्लक असते. त्यामुळे पहिल्या हप्त्यातले १४ हजार १६७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फक्त ३ हजार १९० रुपये कमी होतात. पाच वर्षांत हा शिक्षक सुमारे १० लाख ४१ हजार रुपये भरतो, तरी मुद्दल उतरलेले असते जेमतेम २ लाख ३७ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, त्याने २० लाख ८३ हजार भरलेले असतात. मूळ कर्जाएवढी रक्कम देऊनही त्याच्या नावावर जवळपास १४ लाख बाकी दिसतात. ‘इतकी वर्षे भरतोय, तरी कर्ज हलत कसे नाही?’ या प्रश्नाचे उत्तर या आकड्यांत आहे.

हा भार ठरवणारी मोठी गोष्ट मुदत आहे. याच व्याजदराने तेच २० लाख १० वर्षांत फेडले तर रुपयाचे १ रुपया ४९ पैसे होतात. १५ वर्षांत १ रुपया ७७ पैसे, तर ३० वर्षांत २ रुपये ७७ पैसे. मुदत २० ऐवजी ३० वर्षे केली की हप्ता महिन्याला दोन हजारांनीही कमी होत नाही, पण एकूण भरणा १३ लाख ७० हजारांनी वाढतो. ‘हप्ता हलका करून देतो’ असे कुणी म्हणाले की तो किती वर्षे वाढवतोय, हे आधी विचारले पाहिजे.

व्याजदराचाही वाटा आहेच. प्लॉट अकृषक नसेल किंवा घर गावठाणात नमुना आठवर असेल, तर अनेक बँका कर्ज द्यायला तयार होत नाहीत. मग कुटुंब जास्त दराच्या गृहवित्त कंपनीकडे जाते. दर १२ टक्के आणि मुदत २० वर्षे असेल तर रुपयाचे २ रुपये ६४ पैसे द्यावे लागतात. कागद स्वच्छ नसलेला स्वस्त प्लॉट असा महाग पडतो.

दुसरी अडचण म्हणजे दर बदलता असतो. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला, जोडलेली आहेत. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० टक्क्यांवर गेला. ज्याने २०२१ मध्ये ६.७५ टक्क्यांनी २० लाख घेतले, त्याचा हप्ता १५ हजार २०७ होता. वर्षभराने दर अडीच टक्क्यांनी वाढला आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर त्यातले १५ हजार ३९ रुपये व्याजालाच लागतात. मुद्दलात जातात महिन्याला १६८ रुपये. हप्ता वाढला नाही म्हणून कर्जदार निर्धास्त राहतो आणि इकडे मुदत त्याच्या निवृत्तीच्या पलीकडे जाते. अनेक कर्जदारांचे असेच झाले. त्यानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. आणि दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले, याचे विवरण द्यायचे.

आता वारा उलटा आहे. २०२५ मध्ये रेपो टप्प्याटप्प्याने घटून डिसेंबरमध्ये ५.२५ टक्क्यांवर आला, म्हणजे वर्षात सव्वा टक्क्याची घट झाली. दर्यापूरच्या कर्जदारापुढचा यंदाचा खरा निर्णय इथे आहे. वरच्या उदाहरणातले २० लाखांचे नवे कर्ज ८.५ वरून ७.२५ टक्क्यांवर आले असे धरू. हप्ता कमी करून घेतला तर महिन्याला १ हजार ५४९ रुपये वाचतात. जुनाच हप्ता चालू ठेवला तर सुमारे ४२ हप्ते कमी भरावे लागतात आणि एकूण ३ लाख ६० हजार रुपये वाचतात. दीड हजार रुपये घरखर्चात कुठे जातात ते कळतही नाही. साडेतीन वर्षांची मोकळीक मात्र मुलीच्या शिक्षणाच्या किंवा स्वतःच्या निवृत्तीच्या वेळी कामी येते. कर्ज जितके नवे, तितका हा फायदा मोठा.

वऱ्हाडातल्या उत्पन्नाची चाल लक्षात घेतली तर आणखी एक वाट सापडते. बँकेचा हप्ता महिन्याला येतो. कापूस, तूर, हरभऱ्याचा पैसा मात्र हंगामाला येतो. शेती आणि नोकरी दोन्ही असलेल्या घरांनी पीक विकल्यावर वर्षाला फक्त एक हप्ता जादा भरला, तरी २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे ८ महिन्यांच्या आसपास फिटते आणि चार लाखांच्या घरात बचत होते. पहिल्या वर्षाच्या शेवटी एकरकमी १ लाख भरले तर पुढचे सुमारे २६ हप्ते टळतात. तेच १ लाख दहाव्या वर्षी भरले तर १३ च्या आसपास. पैसा तोच, पण लवकर भरलेल्याचे मोल दुप्पट. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व भरण्यासाठी दंड आकारता येत नाही, ही गोष्ट अजूनही अनेकांना ठाऊक नसते.

हप्त्याबाहेरचा खर्च वेगळा. मुद्रांक शुल्क, नोंदणी, प्रक्रिया शुल्क, मूल्यांकन आणि कर्जासोबत गळ्यात मारलेला विमा. विम्याचे ६० हजार कर्जातच मिळवले तर २० वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात. शिवाय दर्यापूरची जमीन आहे. इथली काळी माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते. पाया उथळ राहिला की भिंतींना भेगा पडतात. खारपाणपट्ट्यातले खारे पाणी बांधकामात वापरले तर स्लॅबमधले लोखंड लवकर गंजते. निम्मे कर्ज बाकी असतानाच दुरुस्तीसाठी दुसरे कर्ज काढायची वेळ येऊ नये, म्हणून पायावर आणि पाण्यावर केलेला खर्च हा काटकसरीचाच भाग आहे.

या हिशेबाची दुसरी बाजूही मांडली पाहिजे. घर झाले की भाडे वाचते. महागाईने रुपयाची किंमत घटते आणि पगार वाढतो, त्यामुळे आजचा १७ हजारांचा हप्ता पंधरा वर्षांनी तेवढा जड राहत नाही. कर्जाशिवाय घर बांधायचे म्हटले तर अनेकांचे आयुष्य भाड्यातच जाईल. प्राप्तिकरातली सवलत मात्र पूर्वीसारखी राहिली नाही. स्वतः राहतो त्या घराच्या व्याजावरची वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या कररचनेत मिळते. नव्या रचनेत गेलेल्याने ‘कर वाचतो’ म्हणून कर्ज लांबवण्यात अर्थ नाही.

मुस्लिम कुटुंबांपुढे याहून मूळचा प्रश्न सूदचा असतो. कुरआनने सूद निषिद्ध ठरवला आहे, यावर दुमत नाही. घराच्या गरजेपोटी बँकेचे कर्ज घ्यावे का, यावर उलेमांची मते वेगवेगळी आहेत आणि तो निर्णय ज्याने त्याने जाणकार आलिमला विचारून घ्यायचा आहे. पण एक विसंगती डोळ्यांआड करता येत नाही. बँकेचे व्याज नको म्हणणारी काही कुटुंबे अडचणीच्या वेळी दागिने गहाण टाकतात किंवा शेकडा ३ ने खासगी सावकाराकडे जातात. शेकडा ३ म्हणजे वर्षाला ३६ टक्के. बिनव्याजी बँकिंगची शिफारस रघुराम राजन समितीने २००८ मध्ये केली होती. २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने हा प्रस्ताव पुढे न नेण्याचे ठरवले. जगात इतरत्र चालणाऱ्या मुराबहा व्यवहारात विकणारा आपली खरेदी किंमत आणि नफा आधीच सांगतो, आणि ठरलेली एकूण किंमत नंतर वाढत नाही. तिथेही घर फुकट मिळत नाही, रोखीपेक्षा महागच पडते. पण एकूण आकडा पहिल्या दिवशी समोर असतो.

हीच गोष्ट बँकेचे कर्ज घेणाऱ्यानेही मागितली पाहिजे. कुरआनातली सर्वांत मोठी आयत नमाज किंवा रोज्याबद्दल नाही. सूरह अल-बकरहची ती २८२ वी आयत उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याबद्दल आहे. मुदत ठरवा, लिहून घ्या, साक्षीदार ठेवा. रक्कम लहान असो की मोठी, लिहायचा कंटाळा करू नका, असा तिचा आशय आहे. त्याआधीच्या २८० व्या आयतीत अडचणीतल्या कर्जदाराला सवड देण्यास सांगितले आहे.

वऱ्हाडाला हा धडा आणखी एका थोर माणसाने दिला. दर्यापूरच्या शेजारच्या शेंडगावात २३ फेब्रुवारी १८७६ रोजी जन्मलेल्या गाडगेबाबांचे बालपण मूर्तिजापूर तालुक्यातील दापुरे इथे मामाकडे गेले आणि सावकारी कर्जात मामाची शेती कशी जाते, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिले. पुढे जन्मभर कीर्तनांतून ते कर्ज काढू नका आणि मुलांना शिकवा, हे एका दमात सांगत राहिले. यंदा रमजानमध्येच त्यांच्या जन्माला १५० वर्षे पूर्ण झाली. निरक्षर माणसाला सावकाराची वही वाचता येत नव्हती. आजचा शिकलेला माणूस ४० पानांच्या करारावर न वाचता सह्या करतो. दोघांत फरक किती उरला?

कायद्याने आज वाचण्याची सोय केली आहे. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासाठी ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्कांसह वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचे पूर्ण वेळापत्रक असते. ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत हवे. मराठीत मागण्याचा हक्क आहे. कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई द्यावी लागते.

राहिली जकातच्या कागदावरची ती ओळ. राहते घर जकातपात्र मालमत्तेत येत नाही. कर्ज वजा करताना २० वर्षांची सगळी बाकी वजा केली तर कित्येकांवर वीस वर्षे जकातच निघणार नाही. म्हणून अनेक उलेमा फक्त सध्या देय असलेले हप्ते वजा करायला सांगतात. उलट, कर्जाखाली खरोखर दबलेला माणूस सूरह तौबाच्या ६० व्या आयतीनुसार जकात घेण्यास पात्र असलेल्या आठ गटांत येतो. मोहल्ल्यात असा कुणी हप्ते थकून नोटिशीची वाट पाहत असेल, तर जकातचा एक वाटा त्याचाही आहे.

ईदच्या आधी हिशेबाचा कागद निघेल, तेव्हा शेजारी बँकेचे तिमाही विवरणही ठेवावे. आजवर किती भरले, त्यातले मुद्दल किती, हप्ते किती उरले आणि दर घटल्यावर आपला हप्ता कमी झाला की मुदत, हे चार आकडे त्यातून उतरवून घ्यावेत. ते घरातल्या बाईलाही ठाऊक असावेत आणि कमावत्या मुलालाही, कारण कर्जाला सही एकाची असली तरी वीस वर्षे ते फेडणार सगळे घर असते.