लौह गळ्यात बांधायची नसते

दहावीचा निकाल लागला त्या दुपारी अकोल्यात, आम्ही शिकवतो त्या शाळेत, एक पालक आले. फळांची हातगाडी लावणारे गरीब, सज्जन गृहस्थ. मुलगा तीन विषयांत नापास. मुलाच्या गळ्यात काळा दोरा आणि दोऱ्यात पत्र्याचा चौकोनी तुकडा. त्यावर अरबी हरुफ कोरलेले. वडील म्हणाले, "सर, पाचशे रुपये हदिया देके लौह लाया था. तो बी कैसा फेल हुआ?" आम्ही मुलाला म्हटले, बेटा, यावर काय लिहिले आहे तेवढे वाच. त्याला वाचता आले नाही. दहा वर्षे उर्दू माध्यमात शिकलेला मुलगा अलिफ, लाम, मीमपाशी अडखळला. आम्हाला त्या आमिलाचा राग आला आणि त्याहून अधिक स्वतःची लाज वाटली.

संध्याकाळी बडनेऱ्याच्या गाडीत बसलो तेव्हा डोक्यात एकच शब्द घोळत होता : लौह. मराठी वाचकाला यात लोखंड ऐकू येईल. आमच्याच शाळेतले मराठीचे सर लौहपुरुषातला 'लौह' समजले होते. पण हा अरबी शब्द आहे. लौह म्हणजे फळी, तख्ती. आपल्या वऱ्हाडात सांगायचे तर पाटी! पाटी-पेन्सिलीतली पाटी.

आणि आमचे आमिल ज्या जादूच्या दुनियेचा दबदबा दाखवून या पाट्या विकतात, ती दुनिया उर्दूने फार आधी कल्पून ठेवली आहे. तिचे नाव 'तिलिस्म-ए-होशरुबा'. लखनौच्या नवलकिशोर छापखान्यातून 1883 पासून ती निघू लागली. पहिले चार खंड मुहम्मद हुसैन जाह यांचे, पुढचे अहमद हुसैन कमर यांचे. अमीर हमजाच्या 46 खंडांच्या अफाट दास्तानचा हा सर्वांत लाडका भाग. जाहिर, बातिन आणि जुलमात असे या तिलिस्मचे तीन भाग. मध्ये वाहत्या रक्ताची नदी. तख्तावर जादूगारांचा बादशहा अफरासियाब. समोर अमीर हमजाचा नातू शहजादा असद आणि झंबिलीत सारी दुनिया कोंबणारा अमर अय्यार.

तिलिस्म तुटतो कशाने? तलवारीने नव्हे, लौहने. तिलिस्म बांधणाराच त्याच्या अंताची तरकीब लौहवर लिहून ठेवतो. तो कोणाच्या हातून तुटायचा तेही ठरलेले असते. जसा प्रसंग येईल तशी त्या पाटीवर अक्षरे उमटतात : या दाराने जा, या पक्ष्याला मार, या सुंदरीशी बोलू नकोस. पण शहजाद्याने ती काढून वाचायला हवी. पाटी खिशात ठेवून, न वाचता पाऊल टाकले की तो फसलाच. दास्तानगो हा धडा पुन्हा पुन्हा गिरवतात, आणि ऐकणारे दर वेळी "अरे, लौह देख!" म्हणून हळहळत असणार. लौहमध्ये ताकद आहे ती वाचणाऱ्यासाठी. न वाचणाऱ्याच्या गळ्यात ती पत्र्याचा तुकडा आहे.

हे म्हटले की दोन बाजूंनी आमच्यावर चढाई होते. आमिल म्हणतात, मास्तर दीनची टिंगल करतो. कुरआनच्या हरुफांचा आम्हाला अदब आहे, म्हणूनच त्यांची पाचशे रुपयांना विक्री आम्हाला सहन होत नाही. राज्यात 2013 साली जादूटोणाविरोधी कायदा झाला. आमच्या मोहल्ल्यात तो पोचला की नाही, ते बोर्ड लावून बसलेल्या बाबांना विचारा. दुसऱ्या बाजूचे बिरादर म्हणतात, दास्तान म्हणजे शिर्क, मुलांच्या हाती देऊ नका. भाईजान, आपण ती उघडून पाहिली आहे काय? तिच्यात जादूगार सामरी आणि जमशेदला पुजतात, आणि हारतात. अमीर हमजा स्वतः जादू करत नाही. इस्म-ए-आजम पढून तो ती रद्द करतो. जी किताब आठ हजार पानांच्या आसपास जादूगारांना हरवत राहते, तिच्यावर जादूचा आळ! आणि त्याच घरातली मुले हॅरी पॉटरच्या कपाळावरच्या विजेच्या खुणेचा अर्थ आम्हाला समजावून सांगतात. सांगोत बापडी. लौह म्हणजे काय, एवढेच त्यांना कोणी सांगितलेले नाही.

मागे मुलांची सहल नरनाळ्याला नेली होती. अकोटच्या वरचा हा किल्ला. तिथला महाकाली दरवाजा बहमनी अमदानीतला, 1487 चा. दगडात कमळे आणि अरबी लिखावट शेजारी शेजारी. मुलांनी दरवाजापुढे भराभर फोटो काढले. एकाने विचारले, "सर, ये जादू का लिखा है?" आम्ही म्हटले, नाही बेटा, ये लिखा है. आणि मग ती वळणदार अक्षरे आम्हालाही धड लागेनात. बी.एड.च्या पदवीने घाम पुसला.

म्हणून केवळ आमिलांवर खापर फोडून आम्ही सुटणार नाही. परीक्षेच्या आदल्या महिन्यात 'संभाव्य प्रश्न' म्हणून दोन पाने झेरॉक्स करून वाटतो, ते आम्हीच. मूल ती पाने न समजता पाठ करते. ते दोऱ्यात अडकवलेले नाही, एवढाच फरक. आठवीच्या मुलाला सलग परिच्छेद वाचता येत नाही हे माहीत असून त्याला पुढे ढकलणारे आम्हीच. आणि शाळेच्या कपाटात कथांची पुस्तके कुलूपबंद. खराब झाली तर साठा नोंदवहीत उत्तर कोण देणार? आम्हीही नोंदवहीला भ्यालो. यंदा किल्ली मागून घेतली आहे. शनिवारी शेवटच्या तासाला होशरुबातला एकेक तुकडा मुले आळीपाळीने मोठ्याने वाचतात. शहजादा लौह बघायला विसरला की वर्ग ओरडतो. तो नापास मुलगाही फेरपरीक्षेच्या तयारीला येतो आणि मागच्या बाकावर बसतो. परवा त्याने अर्धे पान वाचले, फार अडखळत. दोरा अजून गळ्यात आहे. आम्ही तो काढायला सांगितलेला नाही.

आता वाचकांकडे एक मागणे. बाळापूर, कारंजा, अचलपूरच्या जुन्या घरांतून दादा-परदादांच्या पेट्या आहेत. त्यांत नवलकिशोरी छापाची पिवळी पाने निघतात, आणि घर रंगवायला काढले की ती रद्दीत जातात. रद्दीवाल्याला देण्याआधी आम्हाला निरोप द्या. किलोचा भाव आम्ही देऊ, आणि न्यायलाही आम्हीच येऊ.