चेहरा दिसला तरच तिची गोष्ट खरी?

वस्तीतली बाई बोलायला लागली की हल्ली आपल्यापैकी कुणाचा तरी मोबाइल वर होतो. हेतू चांगला असतो. पुरावा राहावा, चार जणींपर्यंत पोचावं. पण बोलून झाल्यावर तिला त्याच घरात, त्याच नळावर जायचं असतं. चित्रफीत मात्र कुठल्या कुठे गेलेली असते. विश्रांतवाडी असो की आणखी कुठली वस्ती, त्याची किंमत तीच मोजते.

मग तिची गोष्ट सांगायचीच नाही का? सांगायची. पण खरं सांगायला कॅमेरा हा एकच मार्ग नाही.

सुषमा देशपांडे यांचा ‘व्हय, मी सावित्रीबाई’ हा एकपात्री प्रयोग १९८९ साली सुरू झाला. सावित्रीबाईंनी जोतीरावांना लिहिलेली तीन पत्रं (१८५६, १८६८, १८७७), त्यांच्या कविता आणि थोड्या नोंदी, एवढीच कागदपत्रं हाताशी. शाळेच्या वाटेवर अंगावर शेण पडलं तेव्हा मनात काय आलं असेल, हे कल्पनेनेच भरावं लागतं. आमच्याकडे फुलेनगरची पाटी रोज दिसते. पण त्या नावातली बाई कळायला तिने समोर उभं राहून ‘मी’ म्हणावं लागतं.

पुढे १९९५ मध्ये त्यांनी तमाशातल्या स्त्रियांशी बोलून ‘तिच्या आईची गोष्ट अर्थात माझ्या आठवणींचा फड’ हे नाटक केलं. अनेकींचं जगणं एका पात्राच्या तोंडून आलं. कुणा एकीकडे बोट दाखवता येत नाही, तरी ते सगळं त्यांचंच आहे.

सावित्री मेधातुल यांनी आधी कॅमेरा घेतला. लावणी कलावंतांवरचा त्यांचा ‘नटले तुमच्यासाठी’ हा माहितीपट २००८ चा. त्याच वाटेवर पुढे ‘संगीत बारी’ हा रंगमंचीय प्रयोग आला. त्यात शकुंतलाबाई नगरकरांसारख्या कलावंत स्वतः रंगमंचावर उभ्या राहिल्या. इथे चेहरा लपवायचं कारणच नव्हतं, कारण बोलणं आणि नाचणं दोन्ही त्यांच्या हाती होतं.

काही मैत्रिणी म्हणतील, कल्पना मिसळली की लोक म्हणणार, ‘हे घडलंच नाही.’ शंका रास्त आहे. पोलीस ठाण्यात, कोर्टात जबानीच लागते. तिथे नाटक चालणार नाही. दुसराही धोका आहे. शिकलेल्या, वरच्या जातीतल्या बाईने दुसरीच्या तोंडी आपलीच भाषा घालायची, आणि टाळ्याही आपणच घ्यायच्या.

म्हणून काही पथ्यं पाळू या. कागदावरचं काय आणि कल्पनेचं काय, हे प्रेक्षकांना सांगावं. जिची गोष्ट, तिला ती आधी दाखवावी; ती म्हणेल ते गाळावं. पैसा आणि नाव मिळालं तर त्यात तिचा वाटा असावा.

आणि पुढच्या बैठकीत मोबाइल काढण्याआधी तिला विचारावं, ‘बाई, ही गोष्ट कशी सांगू या?’ ती ‘नको’ म्हणाली, तर तेही ऐकावं.