"कोर्टाने सोडलं" म्हणजे नक्की काय झालं?

११ जुलै जवळ आला की आमच्या वसई-विरारच्या ग्रुपवर तेच फोटो फिरायला लागतात. माहीम, वांद्रे, जोगेश्वरी, बोरिवली, मीरा रोड. २००६ ची ती संध्याकाळ, सात स्फोट, फर्स्ट क्लासचे चिरलेले डबे, १८० हून जास्त माणसं गेली. २१ जुलै २०२५ ला मुंबई हायकोर्टाने बाराही जणांची शिक्षा रद्द केली, तेव्हापासून फोटोखाली एक ओळ वाढलीय, "कोर्टाने अतिरेक्यांना सोडलं." सरकार सुप्रीम कोर्टात गेलंय, तिथे निकाल फिरेल, असं बरेच जण धरून चाललेत.

मित्रांनो, इतकं सोपं नाहीये ते.

शिक्षेविरुद्धचं अपील वेगळं आणि सुटकेविरुद्धचं वेगळं. आरोपी मुळातच निर्दोष धरला जातो. त्यात एका कोर्टाने सोडलं की ते गृहीतक दुप्पट घट्ट होतं. चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक (२००७) या निकालात सुप्रीम कोर्टाने हे स्पष्ट मांडलंय. वरचं कोर्ट सगळा पुरावा पुन्हा तपासू शकतं, त्याला आडकाठी नाही. पण त्याच पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील आणि खालच्या कोर्टाने घेतलेला अर्थ पटण्यासारखा असेल, तर "आम्हाला दुसरा जास्त पटतो" एवढ्यावर सुटका रद्द करता येत नाही.

आता पुरावा बघा. विशेष मकोका कोर्टाने २०१५ मध्ये पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप दिली होती. कशाच्या जोरावर? एक, कबुलीजबाब. एरवी पोलिसांपुढची कबुली कोर्टात चालत नाही, मकोकात एसपी किंवा त्यावरच्या अधिकाऱ्यापुढची चालते. हायकोर्टाला वेगवेगळ्या आरोपींच्या कबुल्यांतले भाग एकसारखे, उतरवून काढल्यासारखे दिसले. दोन, टॅक्सीवाले. शंभराहून जास्त दिवसांनी ते पोलिसांकडे आले आणि म्हणाले, अमुक माणसाला स्टेशनला सोडलं होतं. तुम्हीच सांगा, तीन महिन्यांपूर्वी ज्या रिक्षात बसलात तिच्या ड्रायव्हरचा चेहरा आठवतो का? मग त्याने रोजच्या पन्नास गिऱ्हाइकांतून तुमचा का लक्षात ठेवावा? तीन, ओळख परेड. ती ज्या विशेष कार्यकारी अधिकाऱ्याने घेतली, त्याला तेव्हा अधिकारच नव्हता. चार, जप्त केलेली स्फोटकं. सील नीट नाही, लॅबमध्ये पोचेपर्यंत माल कुणाच्या ताब्यात होता ते सिद्ध नाही. सील ही किरकोळ बाब वाटते ना? खटला तिथेच फुटतो.

दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर म्हणाल एकांगी लिहिलं. साक्षीदार थोडा चुकला म्हणून त्याची सगळी साक्ष फेकून द्या, असा आपल्याकडे नियम नाही. वडिवेलू थेवर खटल्यात (१९५७) सुप्रीम कोर्टाने साक्षीदार तीन प्रकारचे सांगितले: पूर्ण भरवशाचा, अजिबात भरवशाचा नसलेला आणि मधला. मधल्याला दुसऱ्या पुराव्याचा टेकू लागतो. आपल्याच महाराष्ट्रातल्या शिवाजी बोबडे खटल्यात (१९७३) तर खालच्या कोर्टाने सोडलेल्यांना हायकोर्टाने दोषी धरलं, सुप्रीम कोर्टाने ते कायम ठेवलं, आणि संशयाचा फायदा ऊठसूट वाटू नका असंही बजावलं. म्हणजे सुटका फिरू शकते. पण त्यासाठी हातात काहीतरी भक्कम लागतं. इथे टेकूही डळमळीत आणि ज्याला टेकू द्यायचा तोही डळमळीत. (हे माझं मत, निकाल कोर्ट देईल.)

२४ जुलै २०२५ ला सुप्रीम कोर्टाने काय केलं तेही अर्धवट फिरतंय. सुटलेल्यांना परत जेलमध्ये पाठवलेलं नाही. हायकोर्टाचा निकाल मकोकाच्या इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरू नका, एवढीच स्थगिती आहे.

त्या बारापैकी एक जण अपील चालायच्या आधीच, २०२१ मध्ये, जेलमध्ये वारला. बाकीचे जवळपास १९ वर्षं आत होते. आणि त्या डब्यांतून जे परत आले नाहीत त्यांच्या घरच्यांना बॉम्ब कुणी ठेवले हे अजून कळलेलं नाही. ते चिडलेत ते बरोबरच आहे. पण न्यायाधीशांना शिव्या घालणाऱ्यांना माझा साधा प्रश्न आहे: परेड चुकीच्या अधिकाऱ्याकडून कुणी घेतली, सील कुणी नीट लावलं नाही, त्याचा जाब तुम्ही कुणाला विचारलात का? कमेंटमध्ये सांगा.