परक्या गाडीचे चाक

गेल्या अंकात जुन्या गाडीच्या बॅटरीवर लिहिले, तर एका वाचक भगिनीचा फोन आला. "भाईजान, बॅटरीचे कळले. पण आमच्या मारुतीच्या डिस्क गंजल्यात. दुकानदार म्हणतो चार भोकांची कोणतीही चालेल. घेऊ का?" आम्ही तिथल्या तिथे 'नका घेऊ' म्हणालो. का, हे सांगताना मात्र जीभ थोडी अडखळली, कारण हा सौदा आम्ही स्वतः करून बसलो आहोत. ती हकीकत आज लिहूनच टाकतो.

आमचे धावडा एका बाजूला अजिंठा आणि दुसऱ्या बाजूला बुलढाणा यांच्या मधोमध पडते. तालुका भोकरदन, जिल्हा जालना, पण दवाखाना म्हटला की गाडी बुलढाण्याकडे वळते. दारात २००३ सालची मारुती ८०० आहे, निवृत्त झालेल्या एका मास्तरांकडून घेतलेली. अम्मीची दर महिन्याची तपासणीची फेरी याच गाडीने होते. एसटी आहे, पण गुडघे गेलेल्या माणसाला तिची पायरी चढवायची म्हणजे दोघांनी खालून आणि एकाने वरून धरावे लागते. तेव्हा ही गाडी आमच्यासाठी हौसेची नाही.

पावसाळ्यात एका खड्ड्यात पुढचे डावे चाक आदळले आणि डिस्कची कड आत वळली. टायर शाबूत, पण रोज सकाळी हवा कमी. पंक्चरवाल्याने दोनदा हातोडीने कड सरळ केली, तिसऱ्यांदा हात जोडले. ईद आठ दिवसांवर आली होती. आमच्या धाकट्या भावाने सुचवले की एक डिस्क कशाला, चारही अलॉय टाकू, गाडी नवी दिसेल. खरे सांगायचे तर आम्हालाही तेच हवे होते, फक्त बोलून त्याने दाखवले. शहरातल्या एका दुकानात (नाव घेत नाही, त्याचा धंदा त्याच्यापाशी) भंगारात गेलेल्या कुठल्याशा गाडीची बारा इंची चार चाके मिळाली. आम्ही विचारले, बसतील ना? तो म्हणाला, "गोल हाय, चार छेद हाय, और क्या होना?"

भोके खरेच जुळली. चाक हबवर सरळ बसले. जुने नट अलॉयच्या खोल भोकात जाईनात, म्हणून त्याने चकचकीत नवे नट काढले आणि हवेच्या बंदुकीने आवळले. आवळताना खर्र असा आवाज आला. तो आवाज अजून कानात आहे, पण त्या दिवशी आमचे डोळे चाकावर होते.

चौथ्या दिवशी अम्मी आणि बहिणीची चार वर्षांची मुलगी मागे बसलेल्या, आम्ही बुलढाण्याच्या रस्त्याला. स्टेअरिंग थरथरू लागले. वाटले रस्ताच खराब आहे. मग टक टक असा आवाज, वेग वाढला की वाढणारा. गाडी बाजूला घेऊन पाहिले तर पुढच्या उजव्या चाकाचा एक नट गायब, दुसरा अर्धा बाहेर, आणि उरलेले दोन हाताने हलत होते. आणखी एखादा किलोमीटर गेलो असतो तर काय झाले असते, याचा विचार आम्ही आजही पुरा करत नाही. अल्हम्दुलिल्लाह, कुणाला काही झाले नाही. मिरचीची पोती घेऊन निघालेल्या एका टेम्पोवाल्याने अम्मीला आणि मुलीला पुढच्या सीटवर घेतले आणि दवाखान्याच्या दारात सोडले. भाडे घेतले नाही.

गावातले मिस्त्री पान्हे घेऊन तिथेच आले. त्यांनी डिकीतल्या पिशवीतून आमचा जुना, गंजका नट शोधला आणि चांगल्या राहिलेल्या स्टडवर बोटांनी फिरवला. तो तळापर्यंत सरसर गेला. मग नवा चकचकीत नट लावला. दोन फेरे, आणि अडकला. "हा या गाडीचा नाही," एवढेच म्हणाले.

गोष्ट अशी की दोन्ही नट बारा मिलिमीटरचे. पण सुझुकीच्या गाड्यांच्या स्टडवर दोन आट्यांमधले अंतर १.२५ मिलिमीटर असते, ह्युंदाईच्या गाड्यांवर १.५. डोळ्याला हा पाव मिलिमीटर दिसत नाही. हाताला मात्र लगेच कळतो. हवेच्या बंदुकीला काहीच कळत नाही. ती आटे चिरडत नट पुढे रेटते आणि तो घट्ट बसल्यासारखा दिसतो. प्रत्यक्षात तो चार तुटक्या आट्यांवर लटकलेला असतो. म्हणून आता आमच्या घरी एक नियम आहे: चाक कुणीही बसवो, प्रत्येक नट आधी बोटांनी फिरवायचा. मारुतीच्या स्टडवर नटाचे आठ-नऊ पूर्ण फेरे बसले पाहिजेत. अलॉय पत्र्याच्या डिस्कपेक्षा जाड असते, त्यामुळे कधी कधी आटे बरोबर असूनही नटाला धरायला स्टड पुरत नाही. तेही फेरे मोजल्यावरच कळते.

नटाचे तोंडही पाहावे. काही नट खाली शंकूसारखे निमुळते असतात, काही चेंडूसारखे गोल, काही सपाट वॉशरचे. चाकाच्या भोकाचा आकार ज्या जातीचा, नट त्याच जातीचा लागतो. शंकू गोल खळग्यात बसवला तर तो फक्त एका बारीक रेषेवर टेकतो आणि शंभर किलोमीटरमध्ये सैल पडतो.

आता भोकांचे. त्या दुकानदाराची चार भोके जुळली हे आमचे नशीब होते, त्याचे ज्ञान नव्हते. चारही भोकांच्या मधून जाणारे एक वर्तुळ कल्पा. त्याचा व्यास हेच चाकाचे खरे माप, दुकानात याला पीसीडी म्हणतात. चार भोकांच्या चाकावर ते मोजणे सोपे: समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यापासून मध्यापर्यंत. मारुती ८०० आणि ओम्नीला ते ११४.३ मिलिमीटर आहे. हा विचित्र आकडा म्हणजे सरळ साडेचार इंच. माप इंचात जन्मले, नंतर मिलिमीटरमध्ये लिहिले गेले. स्विफ्ट आणि सँट्रोला ते १०० आहे. म्हणजे कंपनी एक म्हणून चाक एक, असे मुळीच नाही. स्विफ्टचे चाक ८०० वर चढणारच नाही, आणि न चढणे हे एका अर्थी बरेच. भीती असते ती जवळजवळ बसणाऱ्या चाकाची. फियाटच्या पॅलिओला ९८ आहे, स्विफ्टला १००. दोनच मिलिमीटरचा फरक, पण पहिला नट आवळला की उरलेले तिरके ओढले जातात. चाक बसते, गाडी चालते, आणि स्टड रोज थोडे थोडे वाकत राहतात.

भोकांनंतर चाकाची खोली. पितळी परात पालथी घातली तर तिचा तळ वर येतो, सुलटी ठेवली तर खाली जातो. चाकाचेही तसेच: हबला टेकणारी तबकडी रिमच्या मध्यरेषेपासून किती बाहेर किंवा आत आहे, त्यावर चाक मडगार्डच्या बाहेर डोकावणार की आत स्प्रिंगला घासणार हे ठरते. याला ऑफसेट म्हणतात. अलॉयच्या आतल्या बाजूला बहुधा 'ईटी' या अक्षरांपुढे हा आकडा कोरलेला असतो. जुन्या डिस्कवर आकडा नसेल तर चाक पालथे घालून कडेवर सरळ पट्टी आडवी ठेवा आणि पट्टीपासून तबकडीपर्यंतचे अंतर मोजा. जुन्याचे आणि नव्याचे जुळले पाहिजे. रिमची रुंदी वेगळी असेल तर हा हिशेब नीट लागत नाही, तेव्हा रुंदीही सारखीच घ्यावी. फरक भरून काढायला कुणी स्पेसर नावाची चकती मध्ये घालायला सांगेल. आमच्या मते जुन्या गाडीत ती नकोच. तिच्या जाडीइतका स्टड नटाच्या हातून जातो आणि बेअरिंगवर ओढ वाढते.

मधले मोठे भोकही पाहावे. हबचा उंचवटा त्यात नेमका बसला तर चाक आपोआप मध्यावर येते. बाजारातली अलॉय अनेक गाड्यांना चालावीत म्हणून हे भोक मोठे ठेवतात आणि उरलेल्या फटीत प्लास्टिकची किंवा अॅल्युमिनियमची रिंग बसवतात. रिंग मिळाली नाही तर बॅलन्सिंग करूनही स्टेअरिंग थरथरतच राहते, आणि माणूस विनाकारण बॅलन्सिंगवाल्याशी भांडतो.

शेवटी आम्ही ती अलॉय चाके काढली. अर्ध्याहून कमी पैसे परत मिळाले, त्याची तक्रार नाही. बिघडलेले स्टड मिस्त्रींनी हबमधून ठोकून काढले आणि नवे बसवले. मग आम्ही ८०० च्याच जुन्या डिस्क शोधायला लागलो. या गाडीची पहिली चावी इंदिरा गांधींच्या हस्ते १४ डिसेंबर १९८३ रोजी दिली गेली आणि उत्पादन २०१४ च्या जानेवारीत थांबले. तीस वर्षे इतकी विकलेली गाडी, तिच्या डिस्क मिळतातच. पण बघून घ्याव्या लागतात. आम्ही सात पाहिल्या, दोन घेतल्या. एकीच्या नटाच्या भोकाभोवती केसासारखी चीर होती. रॉकेलचा बोळा फिरवून पुसले तेव्हा ती उमटून दिसली. दुसरीची भोके लांबट झालेली, म्हणजे ती कधीतरी सैल नटांवर धावली होती. एकीला वेल्डिंग होते आणि वरून ताजा चंदेरी रंग. ताजा रंग दिसला की आम्ही आता खिळ्याने थोडा खरवडून बघतो, दुकानदार रागावला तरी. चांगली वाटलेली डिस्क गाडीवर चढवून, चाक जॅकवर उचलून, कडेजवळ खडू स्थिर धरून फिरवावी. खडू सगळीकडे सारखा लागला तर डिस्क सरळ.

टायर घेताना पुन्हा तोच सापळा होता. ८०० चे टायर १४५/७० आर १२. दुकानात अल्टोचे १४५/८० आर १२ होते, थोडे स्वस्त. "बाराच तर आहे," पुन्हा तेच वाक्य. भावाने या वेळी वही काढली. १४५ चे सत्तर टक्के १०१.५, वरची आणि खालची बाजू मिळून २०३, त्यात बारा इंचाचे ३०४.८ मिळवले की ५०७.८ मिलिमीटर. ८० वाल्याचे हेच गणित ५३६.८ वर जाते. टायर २९ मिलिमीटरने उंच! चारही तसे घातले तर काटा ६० दाखवतो तेव्हा गाडी ६३ च्या पुढे असते आणि टायर मडगार्डच्या आत घासू शकतो. पुढच्या जोडीत एकच तसा घातला तर आणखी वाईट. या गाडीत इंजिनाची ताकद पुढच्या चाकांना जाते. दोन्ही असमान असली की आतले डिफरन्शियल सरळ रस्त्यावरही वळणावर असल्यासारखे झिजत राहते. आणि ओम्नीवाल्यांनी लक्षात ठेवावे, ८०० ची डिस्क भोकांना जुळली तरी तिच्यावरचा हलका टायर मिरचीची पोती वाहायला नाही. ओम्नीच्या टायरवर 'एलटी' ही अक्षरे बघा.

ज्यांना अलॉय हवीच आहेत त्यांना आमची ना नाही. फक्त नवी घ्या आणि भारतीय मानक ब्युरोचे आयएसआय चिन्ह आणि आयएस १६१९२ हा क्रमांक बघून घ्या. गाडीला पंधरा वर्षे झाली की जालन्याच्या आरटीओत पाच वर्षांसाठी नूतनीकरण असतेच. तिथे मडगार्डबाहेर आलेले चाक पहिले नजरेत भरते. गाडीच्या मूळ रचनेशी विसंगत बदल चालणार नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केलेले आहे. टायरची नक्षी १.६ मिलिमीटरपेक्षा कमी असेल तर तेही अडते.

नवे चाक बसवल्यावर पन्नास-शंभर किलोमीटरनंतर नट पुन्हा तपासावेत, हाताच्या पान्ह्याने, समोरासमोरच्या क्रमाने. आम्ही तर अम्मीला घेऊन निघायच्या आधी दर वेळी तपासतो. अम्मी आता गाडीत बसण्यापूर्वी विचारते, "नट बघितले का रे?" आणि उत्तर मिळेपर्यंत दार लावत नाही.

वाकलेली मूळ डिस्क भंगारवाल्याला दिली, ती जालन्याच्या पोलाद भट्टीत गेली असेल. चीर गेलेली ती दुसरी आमच्यासमोर कुणी विकत घेऊ नये म्हणून तीही उचलून दिली. दुकानदाराने पैसे मात्र घेतले.

त्या भगिनीने परवा पुन्हा फोन केला. शेजारच्या बोलेरोची पाच भोके समोरासमोर येत नाहीत, ती कशी मोजायची? लगतच्या दोन भोकांच्या मध्यांमधले अंतर घ्या आणि १.७ ने गुणा. बोलेरोला साधारण ८२ मिलिमीटर यायला हवे. त्यांच्या मुलाने शिंप्याची टेप लावली. ८२ आले.