साळुंक्यांची तारामती आणि आपलें हंसूं

मूकपटांच्या इतिहासांत अण्णा साळुंके ह्यांचें नांव निघालें, कीं सुशिक्षित मंडळींस हंसूं येतें. 'उपाहारगृहांतला नोकर राणी झाला', एवढ्यावर त्या नटाची कथा संपविण्यांत येते. ह्या हंसण्यास आमचा स्पष्ट विरोध आहे.

१९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र' ह्या चित्रपटासाठीं दादासाहेब फाळक्यांना तारामती मिळेना. ज्यांस समाज पतित म्हणे, त्या स्त्रियांनींही पाठ फिरविली. अखेर मुंबईंत ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहांत साळुंके त्यांच्या दृष्टीस पडले. दरमहा दहा रुपयांचे पंधरा झाले आणि रोहिदासाच्या आईचें दुःख ह्या तरुणाच्या वाट्यास आलें. हंसावयाचेंच असेल, तर स्त्रीची वाट अडविणाऱ्या समाजास हंसावें. त्याची उणीव भरून काढणाऱ्यास कां?

पुरुषानें लुगडें नेसणें हेंच हास्यास्पद, असें कोणी म्हणेल. मग त्याच वर्षीं गंधर्व नाटक मंडळी काढणाऱ्या बालगंधर्वांच्या शालूचें कौतुक कां? त्यांचा गळा अलौकिक होता, हें आम्हांस मान्य आहे. परंतु मूकपटांत गळा काय कामाचा? तेथें मुद्रा आणि देह एवढेंच भांडवल. आमच्या बीडकडील खेड्यांत भारुडासाठीं लुगडें नेसून उभा राहणारा शेतकरी हे कष्ट जाणतो. त्याचे श्रोतेही हंसतात. पण सोंगाला हंसतात, माणसाला नव्हे.

दुसरा आक्षेप असा, कीं खरा मान 'मोहिनी भस्मासुर' मध्यें त्याच सालीं पडद्यावर आलेल्या दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई ह्यांचा. तो निःसंशय त्यांचाच. पण एकीस मान देण्यासाठीं दुसऱ्यास विदूषक करण्याचें प्रयोजन काय?

१९१७ च्या 'लंकादहन' मध्यें साळुंक्यांनीं राम आणि सीता ह्या दोन्ही भूमिका केल्या. पुढें ते छायाचित्रकार म्हणून कॅमेऱ्यामागें उभे राहिले. फाळक्यांच्या नांवें १९६९ पासून राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो, तें योग्यच आहे. साळुंक्यांसाठीं आम्ही पुरस्कार मागत नाहीं. वर्गांत वा घरांत ही गोष्ट सांगतांना ती 'राणी झाला' येथें न थांबवितां 'छायाचित्रकार झाला' येथपर्यंत न्यावी, एवढीच आमची मागणी आहे.